तारखेला जाण्यापुरते पैसे

1983 साली मी दहावीत होतो. अब्बा एका सरकारी कचेरीत कारकून. पावतीपुस्तकाचा हिशेब जुळेना म्हणून त्यांना निलंबित केलं आणि खात्याची चौकशी लावली. चौकशी जिल्ह्याच्या गावी. पहिल्या तारखेला ते एस.टी.नं गेले. दुसऱ्या तारखेसाठी अम्मीनं शेजारून उसने पैसे आणले. तिसऱ्या तारखेला ते घरीच बसून राहिले. निर्वाह भत्त्याचा एक पैसा तोवर हाती आला नव्हता. चौकशी एकतर्फी झाली, नोकरी गेली. अब्बांची चूक होती की नव्हती, मला आजही ठाऊक नाही. त्यांचं म्हणणं पुरतं ऐकलं गेलं नाही, एवढं मात्र ठाऊक आहे.

नोकराचं ऐकून घ्यावं, हा विचार आपल्याकडे सावकाशच आला. इंग्रजी अमदानीत सरकारी नोकरी म्हणजे मर्जीचा मामला. मद्रासच्या सरकारी छापखान्यातले व्यंकटराव हे बडतर्फीविरुद्ध थेट लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेले. 1936-37च्या सुमाराला कौन्सिलनं सांगितलं, की चौकशीचे नियम पाळायला हवेत हे खरं, पण ते मोडले म्हणून कोर्टात दाद मागता येणार नाही! पुढे 1935च्या कायद्यानं म्हणणं मांडण्याची वाजवी संधी बंधनकारक केली. त्याच्या आधारे 1948 मध्ये आयसीएस अधिकारी आय. एम. लाल यांची बडतर्फी कौन्सिलनंच रद्दबातल ठरवली. तीच हमी राज्यघटनेच्या 311व्या कलमात आली. सरकारी कंपन्यांच्या नोकरांना ते कलम लागू नाही. पण नैसर्गिक न्याय त्यांनाही नाकारता येत नाही.

अनेकांचा समज असतो, की कोर्ट पुन्हा सगळी चौकशी करील. तसं नसतं. नोकर दोषी की निर्दोष, हे ठरवायला कोर्ट सहसा बसत नाही. निर्णयापर्यंत खातं कोणत्या वाटेनं आलं, ते पाहतं. आरोप नीट कळवले का? साक्षीदारांना उलट प्रश्न विचारू दिले का? अगदीच पुराव्याशिवाय दोष लावला का?

पण बोलायची संधी कागदावर असून काय उपयोग, तिथवर पोचायलाच पैसे नसतील तर? मध्य प्रदेशातल्या एका वन कर्मचाऱ्याचा हाच प्रश्न होता. तो राहायचा रीव्याला आणि चौकशी चालली जगदलपूरला, सुमारे 500 किलोमीटरवर. भत्ता वेळेवर मिळाला नाही, तो जाऊ शकला नाही. 1973 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं त्याची बडतर्फी रद्द केली. आपल्या महाराष्ट्रातही एक अजब नियम होता. निलंबित नोकराला शिक्षा झाली, की अपील चालू असतानाही त्याचा भत्ता महिना एक रुपयावर यायचा. 1983 मध्ये न्यायालयानं तो नियम मोडीत काढला.

कोलारच्या सोन्याच्या खाणीतले सुरक्षा अधिकारी कॅप्टन पॉल अँथनी यांचं प्रकरण असंच. 1985 मध्ये त्यांच्या घरी पोलिसांचा छापा पडला. साडेचार ग्रॅमचा सोन्याचा गोळा आणि सोनं असलेली वाळू सापडली, असा आरोप. निलंबनात भत्ता मिळाला नाही. आजारी, कफल्लक अवस्थेत ते केरळात आपल्या घरी होते. वैद्यकीय दाखले पाठवूनही तारीख पुढे ढकलली नाही. 1986 मध्ये ते बडतर्फ झाले. पुढच्याच वर्षी फौजदारी कोर्टानं त्यांना निर्दोष सोडलं, तरी नोकरीचा न्याय सर्वोच्च न्यायालयातून मिळायला 1999 साल उजाडलं.

भत्ता थकला एवढं सांगून मात्र भागत नाही. त्यामुळे बचाव करता आला नाही, हे दाखवावं लागतं. म्हणून सांगतो, घरात कुणी निलंबित असेल तर आपण दुसरी नोकरी करत नसल्याचा दाखला दरमहा द्या, भत्ता लेखी मागा आणि पोच घ्या. पैशांअभावी तारखेला जाता येत नसेल, तर तेही लिहून कळवा.

रीव्याच्या माणसाचा निकाल लागला, तेव्हा मी पाच वर्षांचा होतो. अब्बांची चौकशी झाली तेव्हा तो निकाल दहा वर्षांचा जुना होता. दिल्लीहून आमच्या घरापर्यंत तो पोचलाच नाही. पोचला असता, तर अब्बांनी निदान एक अर्ज लिहिला असता. त्यांचं अक्षर फार सुंदर होतं.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)