कणसाशेजारी शेंग

भादव्यात हिंगोलीकडच्या घरात मक्याची कणसं आणि चवळीच्या ओल्या शेंगा बरोबरच येतात. कणीस तोडलं की दाण्यातल्या साखरेचं पिष्ट व्हायला लागतं, म्हणून काम उद्यावर टाकता येत नाही. सुरीच्या टोकानं दाण्यांची एक ओळ उकरून काढायची, मग शेजारच्या ओळी अंगठ्यानं त्या मोकळ्या जागेत पाडत जायच्या. दाणा दुधात असला तर नख पांढरं होतं. तेलात जिरं, ठेचलेली लसूण-मिरची आणि वसमतची हळद. आधी चवळीचे दाणे टाकायचे, कारण त्यांना वेळ लागतो. वर झाकण, झाकणावर पाणी. दाणा बोटांत दबला की मका, मीठ, शेवटी शेंगदाण्याचा कूट. भाकरीला तोंडी लावणं तयार.

या भाजीतला मका मेक्सिकोचा. तिथल्या बाल्सास नदीच्या खोऱ्यात सुमारे 9000 वर्षांपूर्वी टिओसिंटे नावाच्या रानगवतापासून माणसानं तो घडवला. तिथल्या शेतात मका, घेवडा आणि भोपळा एकत्र वाढतात. घेवड्याचा वेल मक्यावरच चढतो. उत्तर अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावरचे नॅरागॅन्सेट लोक उकडलेल्या मक्याच्या दाण्यांना जे म्हणत, तो शब्द रॉजर विल्यम्सनं 1643 च्या आपल्या पुस्तकात टिपून ठेवला. त्यावरूनच मका-घेवड्याच्या भाजीला ‘सकोटॅश’ हे नाव पडलं. आपल्याकडे मका पोर्तुगीज जहाजांच्या काळात आला, असं बहुतेक अभ्यासक मानतात. कर्नाटकातल्या सोमनाथपूरच्या 1258 च्या मंदिरातील मूर्तींच्या हातात कणीस आहे, म्हणून तो त्याआधीच आला, असा दावा काहींनी केला. वनस्पतिशास्त्रज्ञांनी त्याला जोरदार हरकत घेतली. मला हरकत घेणाऱ्यांचं पटतं.

पण ओलं धान्य आणि ओली शेंग ही जोडी आपल्या मातीत मक्याहून कितीतरी जुनी आहे. पौषात ज्वारीचा हुरडा येतो, तेव्हाच तुरीच्या शेंगा भरतात. आगटीत भाजलेलं कणीस तळहातावर चोळायचं, भुस्कट फुंकायचं आणि गरम दाणे तोंडात टाकायचे. घरी तुरीच्या सोल्यांची आमटी रटरटत असते. सोलून काढले म्हणून सोले, इतकं सरळ नाव. ज्वारी आणि चवळी दोन्ही मुळात आफ्रिकेतल्या, आणि तिकडच्या शेतांतही त्या एकत्र पेरतात. तूर मात्र इथली. खरिपात ज्वारीच्या काही तासांनंतर, म्हणजे ओळींनंतर, तुरीचं एक तास असे. तिफणीमागे सरतं धरून चालणारी बाई मुठीतली तूर त्यात सोडत जाई.

त्या एका तासानं दोन कामं साधली. शेंगवर्गीय पिकाच्या मुळांवरच्या गाठी हवेतला नत्र जमिनीत आणतात. दुसरं काम पोटातलं. मका खाणाऱ्यांना होणारा पेलाग्रा हा रोग ज्वारी खाणाऱ्या गरिबांतही आढळतो, हे हैदराबादच्या पोषण प्रयोगशाळेतल्या सी. गोपालन आणि एस. जी. श्रीकांतिया यांनी 1960 मध्ये ‘द लॅन्सेट’मध्ये मांडलं. हिंगोली 1956 पर्यंत हैदराबाद राज्यातच होती. ते गरीब म्हणजे आमच्यासारखीच भाकरी खाणारे लोक. त्या रोगाचं कारण वेगळं, पण दोन्ही धान्यांत लायसिन हे अमिनो आम्लही कमी, ते शेंगेत भरपूर. भाकरीला डाळ किंवा उसळ का हवी, याचं हे उत्तर प्रयोगशाळेत पोचायच्या कितीतरी आधी ताटात होतं.

मग मका या जुन्या जोडीत शिरला कसा? माझ्या मते, परसदारातून. त्याची खूण ऋषीपंचमीला दिसते. त्या दिवशी बैलाच्या कष्टाचं खायचं नाही, हा नियम. तिफणीनं पेरलेली ज्वारी त्यामुळे बाद. परसात बायकांनी हातानं टोकलेला मका मात्र चालतो, आणि ऋषीच्या भाजीत कणसाचे तुकडे पडतात. देवाधर्माच्या भाजीत परक्या पिकाला जागा मिळाली, ती बाईच्या हातानं मिळाली. शेजारी कुंपणावर चवळीचा वेल असायचाच. हुरड्याला अजून तीन-चार महिने अवकाश, आणि कणीस तर समोर भरलेलं. ज्वारीची जागा भादव्यापुरती मक्यानं घेतली, असं मी समजतो.

आता हिंगोलीच्या शिवारात खरिपाची ज्वारी थोडकीच उरली आहे. सोयाबीननं ती रानं घेतली. तुरीचं तास अजून आहे, पण ते सोयाबीनमध्ये. सरतं धरणारे हातही कमी झाले. परसात मात्र मक्याचे आठ-दहा धांडे अजून दिसतात, आणि चवळीचा वेल कुंपण सोडून त्यांच्यावर चढतो. कणीस तोडायचं तर आधी तो वेल हळूच उकलावा लागतो.