पेन्शन ही मेहरबानी नव्हे : वतनापासून ग्रॅच्युइटीपर्यंतचा थकलेला हिशेब

वेळापूर म्हटले की लोकांना अर्धनारीनटेश्वराचे मंदिर आठवते, माउलींच्या पालखीचा मुक्काम आठवतो. आम्हाला आठवते एक प्लास्टिकची पिशवी. माळशिरस तालुक्यातल्या या गावात एका निवृत्त चतुर्थश्रेणी कर्मचाऱ्याच्या घरी आम्ही गेलो होतो. पिशवीत सेवापुस्तकाच्या झेरॉक्स होत्या, अर्जांच्या पोच होत्या. ग्रॅच्युइटी अडकलेली. काका म्हणाले, "साहेबांच्या मनात आलं तर होईल."

मित्रांनो, आमचे भांडण या वाक्याशी आहे, कारण ते वाक्य काकांचे नाही. ते वतनातून आले आहे.

१८७४ च्या वतन कायद्याने वतनदार महार हा सरकारचा नोकर ठरला होता. रयतेला चावडीवर बोलावणे, वसूल खजिन्यात पोचवणे, गावाची हद्द दाखवणे, अंमलदार आला की त्याच्या दिमतीला उभे राहणे. कामाला वेळ नाही, रात्र नाही. तो घरी नसेल तर बाप जाई, नाहीतर पोरगा. आणि मोबदला? पिढ्यान्‌पिढ्या वाटण्या होऊन चिंध्या झालेली इनाम जमीन, तिच्यावरही जुडी, आणि रयतेकडून मिळेल ते बलुते. म्हणजे राबायचे सरकारसाठी आणि हात पसरायचे गावापुढे! महाराने जरा मान वर केली की गाव बलुते बंद करी. पगार ज्याच्या मर्जीवर, मानही त्याच्याच मुठीत.

बाबासाहेबांनी नेमके हेच ओळखले. १९ मार्च १९२८ रोजी मुंबई कायदेमंडळात त्यांनी वतन कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक मांडले. ज्याला वतनाच्या कामातून सुटायचे आहे त्याने पूर्ण सारा भरावा आणि जमीन राखून मोकळे व्हावे. बलुत्याऐवजी रोख रक्कम सरकारने साऱ्याबरोबर वसूल करावी आणि महाराला द्यावी. कामे कोणती ते ठरवून द्यावे. आज यात काय क्रांतिकारक आहे असे कुणाला वाटेल. पण नोकराचा मोबदला गावाच्या हातून काढून कायद्याच्या हातात देणे, हे त्या काळी सरकारलाही झेपले नाही. १९२९ मध्ये बाबासाहेबांना विधेयक मागे घ्यावे लागले. लढा मात्र थांबला नाही. डिसेंबर १९३९ मध्ये हरेगावला वतनदारांची परिषद झाली, १९४१ मध्ये वतन जमिनीवरच्या वाढीव आकारणीविरुद्ध सिन्नरची.

पुढे १९५८ चा कनिष्ठ गावनोकर वतन निर्मूलन कायदा आला, १ ऑगस्ट १९५९ पासून लागू झाला. वतन गेले. जमीन परत मिळाली ती पैसे भरून आणि विक्रीवर सरकारी परवानगीची अट घालून. पण ज्यांनी आयुष्य सरकारी कामात घातले त्यांच्या सेवेचे निवृत्तिवेतन कुणी मोजले? ती 'सेवा'च धरली गेली नाही. गावपातळीवरचे ते काम कोतवालाकडे गेले. आज त्याला 'महसूल सेवक' म्हणतात. आता या कामावर सगळ्याच जातींचे लोक आहेत, तरी मानधन आहे, पेन्शन नाही, आणि चतुर्थ श्रेणीची मागणी अजून मागणीच आहे.

बाबासाहेबांच्या विधेयकानंतर ५४ वर्षांनी, १७ डिसेंबर १९८२ रोजी, नकारा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने सांगितले की पेन्शन ही मालकाच्या मर्जीवरची बक्षिसी नाही, केलेल्या सेवेतून कमावलेला हक्क आहे. १९७१ च्या देवकीनंदन प्रसाद खटल्यात पेन्शनला मालमत्ता म्हटले गेलेच होते. २०१३ मध्ये झारखंडच्या एका खटल्यात न्यायालयाने पुन्हा बजावले की कायद्याचा आधार नसताना पेन्शन किंवा ग्रॅच्युइटी अडवणे हे कलम ३००-अ चे उल्लंघन आहे.

आपल्यातलेच काही तरुण म्हणतात, हे नोकरदारांचे प्रश्न, चळवळीचे नव्हेत. आम्हाला हे पटत नाही. शिपाई, सफाई कामगार, पहारेकरी ही आपल्याच घरातली माणसे. जादा दिलेला पगार म्हणून निवृत्तीच्या तोंडावर वसुली निघते ती याच लोकांवर, आणि २०१४ च्या रफिक मसीह निकालाने तृतीय-चतुर्थ श्रेणीकडून अशी वसुली करायला मनाई केली आहे हे त्यांना कुणी सांगत नाही. प्रशासकीय दिरंगाईने ग्रॅच्युइटी रखडली तर १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांतील १२९-अ प्रमाणे व्याज मिळते, हेही नाही. राज्य सरकारच्या कर्मचाऱ्याने महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात जायचे, तिथे साधारण वर्षाची मुदत असते. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्याला मात्र उच्च न्यायालय. त्यासाठी वेळापूरच्या माणसाला मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचे सर्किट बेंच सुरू झाले आणि सोलापूर जिल्हा त्याच्या कक्षेत आला. उशीर करू नये. पेन्शन कमी मिळत असेल तर दावा उशिराही चालतो, पण २००८ च्या तरसेम सिंग निकालानुसार थकबाकी साधारण तीन वर्षांपुरतीच पदरात पडते.

त्या दिवशी काकांच्या पिशवीतले कागद आम्ही तारखेप्रमाणे लावले. पहिल्या अर्जाची पोचच नव्हती. तो अर्ज काकांनी पुन्हा लिहिला आणि "कृपया मंजूर व्हावी" हे शब्द खोडून तिथे "नियमानुसार देय रक्कम व्याजासह अदा करावी" असे घातले.