थुंकी तपासणी, क्षयरोगाची

फुप्फुसाच्या क्षयरोगाचे निदान करण्यासाठी रुग्णाने खोकून काढलेल्या बेडक्यात क्षयाचे जंतू शोधण्याची प्रयोगशाळेतील तपासणी. काचपट्टीवर बेडक्याचा पातळ लेप पसरून, तो रंगवून सूक्ष्मदर्शकाखाली पाहणे ही तिची मूळ आणि सर्वांत स्वस्त रीत. ज्या नमुन्यावरून रोग ओळखायचा त्याच नमुन्यातून तो पसरूही शकतो. त्यामुळे या तपासणीत अचूकपणाची पथ्ये आणि संसर्गनियंत्रणाची पथ्ये बऱ्याच अंशी एकच आहेत : जिथे हलगर्जीपणा होतो तिथे निकालही बिघडतो आणि तंत्रज्ञालाही धोका पोहोचतो.

इतिहास : रॉबर्ट कॉख यांनी २४ मार्च १८८२ रोजी बर्लिन येथे क्षयाच्या जंतूचा शोध जाहीर केला. त्याच वर्षी पॉल एर्लिख यांनी जंतू रंगवण्याची रीत सुधारली, फ्रान्झ झील यांनी तीत कार्बॉलिक अम्ल आणले आणि पुढच्या वर्षी फ्रीड्रिख नीलसन यांनी तिला आजचे रूप दिले. झील-नीलसन या जोडनावाने ती आजही वापरात आहे. जंतूच्या भित्तिकेत मायकॉलिक अम्लांचा मेणचट थर असतो. उष्णतेच्या साहाय्याने आत शिरलेला तांबडा रंग नंतर अम्लाने धुतला तरी सुटत नाही. म्हणून या जंतूंना अम्लस्थायी म्हणतात.

नमुना : एक नमुना रुग्ण तपासणी केंद्रावर आल्यावर लगेच आणि दुसरा दुसऱ्या दिवशी पहाटेचा, असे दोन नमुने घेण्याचा भारतातील प्रघात आहे. रात्रभर साचलेला बेडका असल्याने पहाटेच्या नमुन्यात जंतू सापडण्याची शक्यता अधिक. रुग्णाने पाण्याने चूळ भरावी, खोल श्वास घ्यावा आणि छातीतून खोकून काढावे. नुसती लाळ आली, तर जंतू असूनही निकाल निगेटिव्ह येऊ शकतो. रुग्णाला नेहमी उघड्यावर, माणसांपासून दूर खोकायला लावतात. बंद खोलीत किंवा स्वच्छतागृहात कधीच नाही. क्रमांक डबीच्या अंगावर लिहितात, झाकणावर नाही, कारण झाकणे अदलाबदल होतात आणि एकाचा रोग दुसऱ्याच्या नावे लागतो.

लेप व रंजन : बेडक्यातला पिवळसर, घट्ट भाग काडीने उचलून नव्या काचपट्टीवर साधारण तीन सेंमी. लांब व दोन सेंमी. रुंद असा पसरतात. जुनी पट्टी धुऊन पुन्हा वापरत नाहीत, कारण तिला चिकटून राहिलेले जंतू पुढच्या रुग्णाला पॉझिटिव्ह ठरवू शकतात. लेप किती जाड असावा याची सोपी कसोटी म्हणजे वर्तमानपत्र. वाळलेली पट्टी छापील मजकुराच्या थोडी वर धरल्यावर अक्षरे वाचता आली पाहिजेत. लेप हवेवर वाळू द्यावा लागतो. ओला लेप ज्योतीवर धरला तर त्यातून सूक्ष्म तुषार उडतात आणि लेपही खराब होतो. वाळल्यावरच तो ज्योतीवरून काही वेळा फिरवून पक्का करतात.

नंतर पट्टीवर १ टक्का कार्बॉल फ्युक्सिन ओतून वाफ निघेपर्यंत, पण उकळू न देता, तापवतात आणि पाच मिनिटे ठेवतात. पाण्याने धुऊन २५ टक्के सल्फ्यूरिक अम्लाने रंग उतरवतात व शेवटी ०.१ टक्का मिथिलीन ब्ल्यू अर्धा मिनिट लावतात. निळ्या पार्श्वभूमीवर जंतू तांबड्या बारीक काड्यांसारखे दिसतात. अनेक पट्ट्या एकाच भांड्यात बुडवून रंगवणे निषिद्ध आहे, कारण एका पट्टीवरचे जंतू सुटून दुसरीवर बसतात. सूक्ष्मदर्शकाखाली पाहताना पट्टीवर टाकायच्या तेलाच्या बाटलीची काडीही पट्टीला टेकवायची नसते. थेंब वरून सोडायचा. रंजकांच्या प्रत्येक नव्या घाण्याची परीक्षा आधी माहीत असलेल्या पॉझिटिव्ह आणि निगेटिव्ह पट्ट्यांवर करतात.

वाचन : हजारपट मोठे करून दाखवणाऱ्या भिंगातून एका वेळी दिसणारा वर्तुळाकार भाग म्हणजे एक क्षेत्र. शंभर क्षेत्रे पाहूनही जंतू दिसला नाही तरच पट्टी निगेटिव्ह. शंभर क्षेत्रांत मिळून १ ते ९ जंतू दिसले तर ती नेमकी संख्या लिहितात. १० ते ९९ असतील तर १+, दर क्षेत्री १ ते १० असतील तर २+ आणि त्याहून अधिक असतील तर ३+ अशी श्रेणी देतात. दोन-चार जंतू दिसले म्हणून मोघम ‘पॉझिटिव्ह’ लिहिणे किंवा वीस क्षेत्रांवर पट्टी निगेटिव्ह ठरवणे हे दोन्ही दोषच. एका माणसाने दिवसभर न थांबता पट्ट्या पाहिल्या की डोळे थकतात आणि जंतू निसटतात. म्हणून रोजच्या पट्ट्यांच्या संख्येला मर्यादा घालतात.

पडताळणी : भारताच्या क्षयरोग कार्यक्रमात साधारण एक लाख लोकसंख्येला आणि आदिवासी व डोंगराळ भागांत ५० हजारांना एक सूक्ष्मदर्शन केंद्र हे प्रमाण धरले गेले. इतक्या विखुरलेल्या केंद्रांचे काम सारखे राहावे म्हणून पट्ट्या टाकून न देता नोंदवहीच्या क्रमाने पेटीत ठेवतात. त्यांतल्या काही उचलून दुसरा तंत्रज्ञ, आधीचा निकाल माहीत नसताना, पुन्हा वाचतो. दोन निकालांत फरक पडला तर वरिष्ठ पर्यवेक्षक कारण शोधतो : रंजक जुने आहे का, भिंगाला बुरशी आली आहे का, की लेपच जाड झाला.

संसर्गनियंत्रण : क्षय हवेतून पसरतो. खोकल्याच्या तुषारांतील पाणी उडून गेल्यावर उरणारे १ ते ५ मायक्रॉनचे कण तासन्‌तास तरंगत राहतात. १९५०च्या दशकाच्या उत्तरार्धात रिचर्ड रायली व सहकाऱ्यांनी बाल्टिमोरच्या एका रुग्णालयात क्षयाच्या कक्षातली हवा नळीने गिनीपिगांच्या पिंजऱ्यांकडे नेली. त्या प्राण्यांना क्षयाची लागण झाली. जंबुपार किरणांमधून नेलेल्या हवेतले प्राणी मात्र बचावले. तेव्हापासून खेळती हवा हा क्षयाच्या प्रतिबंधाचा पाया मानला जातो.

प्रयोगशाळेतील धोका कामानुसार बदलतो. थेट लेप करण्यात तो कमी असतो आणि हवेशीर खोली, वेगळे टेबल व सावकाश हात एवढे पुरते. संवर्धनासाठी, म्हणजे जंतू वाढवून पाहण्यासाठी, नमुना हलवणे वा सेंट्रिफ्यूजमध्ये फिरवणे यात धोका वाढतो. ते काम जैवसुरक्षा कपाटात करतात. वाढलेल्या जंतूंचे संवर्धन हाताळताना तो सर्वाधिक असतो आणि त्यासाठी ऋण दाबाची बंदिस्त प्रयोगशाळा लागते. मास्कबाबत एक घोटाळा नेहमी होतो. साधा शस्त्रक्रियेचा मास्क रुग्णाने लावायचा असतो, म्हणजे तुषार बाहेर पडत नाहीत. आत येणारे सूक्ष्म कण अडवणारा एन-९५ कर्मचाऱ्याने, आणि तोही चेहऱ्याला घट्ट बसणारा.

वापरलेल्या डब्या व काड्या ५ टक्के फिनॉलमध्ये भिजवतात किंवा ऑटोक्लेव्हमध्ये निर्जंतुक करतात. २०१६ च्या जैववैद्यकीय कचरा नियमांनुसार प्रयोगशाळेतला जंतुयुक्त कचरा आवाराबाहेर पाठवण्यापूर्वी तिथेच निर्जंतुक करावा लागतो.

मर्यादा व नव्या चाचण्या : एक मिलि. बेडक्यात साधारण पाच ते दहा हजार जंतू असल्याशिवाय ते पट्टीवर दिसत नाहीत. त्यामुळे लहान मुले आणि एचआयव्हीबाधित यांच्यातील क्षय पुष्कळदा निसटतो. औषधांना दाद न देणारा जंतूही या तपासणीत ओळखता येत नाही. जागतिक आरोग्य संघटनेने डिसेंबर २०१० मध्ये शिफारस केलेली जीनएक्सपर्ट चाचणी दोन तासांच्या आत जंतू आणि रिफाम्पिसिन या औषधाला त्याचा असलेला रोध दोन्ही दाखवते. गोव्यातील मोलबायो कंपनीचे ट्रूनॅट हे बॅटरीवर चालणारे यंत्र असून संघटनेने त्याला २०२० मध्ये मान्यता दिली. प्राथमिक आरोग्य केंद्रातही ते चालवता येते. क्षयाच्या निदानासाठी रक्तातील प्रतिपिंडे तपासणारे संच मात्र भरवशाचे नसल्याने भारत सरकारने २०१२ मध्ये त्यांवर बंदी घातली.

जीनएक्सपर्ट, ट्रूनॅट या यंत्रांनाही लाळेऐवजी खरा बेडकाच लागतो आणि चुकीच्या डबीवरचा क्रमांक त्यांना कळत नाही. शिवाय ती मेलेल्या जंतूंचे जनुकद्रव्यही टिपतात. त्यामुळे उपचार लागू पडतो आहे की नाही हे पाहण्यासाठी काचपट्टीची तपासणी आणि संवर्धन यांचाच आधार घेतात.