आव्हेरो : खाडीच्या मुखाची कथा

पोर्तुगालच्या पश्चिम किनाऱ्यावरील आव्हेरो शहरीं जाण्याचा योग आम्हांस आला. शहरामधून कालवे वाहतात व त्यांत मोलिसेरो नांवाच्या, उंच नाळेच्या, चित्रें काढलेल्या होड्या फिरतात. पूर्वीं त्या खाडींतील पाणगवत शेतांच्या खताकरितां आणीत. आतां प्रवासी नेतात.

दोमिनिकन भगिनींच्या जुन्या येशू-मठांत आम्ही प्रथम गेलों. राजा पांचवा आफोंसो याची कन्या जोआना १४७२ सालीं राजवाडा सोडून येथें आली व १४९० सालीं येथेंच निवर्तली. १६९३ सालीं ती धन्य म्हणून घोषित झाली. लोक मात्र तिला संतच म्हणतात. मठाचें आतां संग्रहालय झालें असून रंगीत संगमरवराचें तिचें थडगें तेथेंच आहे.

जोआनाच्या काळीं मीठ व मासळी यांवर बंदर नांदतें होतें. पुढें १५७५ सालच्या वादळानंतर खाडीचें मुख वाळूनें बुजत गेलें. मिठागर भरतीवर जगतें, हें आमच्या वसईकरांस सांगावयास नको. मिठागरें बसलीं, गलबतें येईनाशीं झालीं, सांचलेल्या पाण्यानें रोगराई माजली आणि लोकांनीं गांव सोडला. नवल हें कीं, ह्याच पडत्या काळांत, १७५९ सालीं, राजा पहिला जुझे यानें गांवास शहराचा मान दिला, आणि १७७४ सालीं तेथें धर्मप्रांतही स्थापन झाला. मानमरातबानें वाळू थोडीच हलते! ती हलली ३ एप्रिल १८०८ रोजीं, नवें मुख फोडून पाण्यास वाट दिली तेव्हां.

त्या मुखाशीं १८९३ सालचें उंच दीपगृह आहे. तेथें उभे राहून आम्हीं भरती आंत शिरतांना पाहिली.