नाव कुणाचं टाकू?

साल १९७३, ऐन उन्हाळा. तू तुझ्याच कुंभार पिंपळगावच्या शिवारात उभी आहेस. हा भाग पुढं जालना जिल्ह्यात जाणार आहे. पण तो जिल्हा व्हायला १९८१ उजाडायचंय. विहिरी तळाला गेल्यात आणि माणसं दुष्काळी कामावर. तुझ्या हातात हातोडी येते. पहिल्या तासाभरातच तळहाताला फोड येतो. डाव्या हाताच्या बोटांना चिंधी गुंडाळायची असते, हे शेजारची बाई न बोलता दाखवते.

चार हातोड्यांचा आवाज एका लयीत आला की तुला लगेच 'बीट' सुचेल. तो मोह आवर. इथं कुणी ताल धरलेला नाही, इथं मजुरी चाललीय. बघायचंच असेल तर मुकादमाच्या हातातलं मस्टर बघ. बाईचं नाव, पुढं नवऱ्याचं नाव, त्यापुढं शाईचा अंगठा. त्या रकान्यात नाव नसेल तर आठवडाभर फोडलेली खडी कुणाचीच नाही.

त्याच वर्षीचा ११ ऑगस्ट. न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्समध्ये, १५२० सेजविक ॲव्हेन्यू या इमारतीत शिर. खालच्या सामाईक हॉलच्या दाराशी सिंडी कॅम्पबेल नावाची शाळकरी पोरगी आहे. तिला शाळेसाठी नवे कपडे घ्यायचेत, म्हणून तिनं पार्टी ठेवलीय. मुलींना पंचवीस सेंट, मुलांना पन्नास. तू पंचवीस सेंट देऊन आत जा. रेकॉर्ड लावतोय तिचा भाऊ क्लाइव्ह, जमैकाहून आलेल्या घरातला, ज्याला पुढं जग डीजे कूल हर्क म्हणणार आहे. गाण्यातला नुसत्या ड्रमचा तुकडा आला की पोरं नाचायला सुटतात, हे त्यानं हेरलंय. म्हणून तो तेवढाच तुकडा लांबवत राहतो. हिप हॉपचा जन्म याच रात्रीचा धरतात आणि जनक म्हणून हर्कचं नाव घेतात. बरोबरच आहे. पण पार्टी जिची, गल्ला जिचा, ती सिंडी बहुतेक ठिकाणी 'हर्कची बहीण' म्हणून एका वाक्यात उरकली जाते.

मग १९९६. परभणी जिल्ह्यातलं ताडकळस. गंगुबाई अंबोरे ओव्या गातायत, सीतेच्या वनवासाच्या. समोर रेकॉर्डिंगचं यंत्र. गी पॉइतवँ आणि हेमा राईरकर यांनी पुण्यातून उभारलेल्या कामाचा हा भाग आहे. महाराष्ट्रातल्या हजारावर गावांतून त्यांनी लाखभराहून अधिक ओव्या गोळा केल्या. ओवीला कवी नसतो, ती आईकडून लेकीकडे येते आणि वाटेत बदलते, असं आपण कौतुकानं म्हणतो. पण या मंडळींनी ओवीसोबत गाणारीचं नाव आणि गाव लिहून ठेवलं. मला यातलं हे सगळ्यात मोलाचं वाटतं. 'लोकांचं आहे' म्हटलं की बाईचं नाव गळतं, आणि ते गळालं याचं कुणाला काही वाटतही नाही.

आता जिच्यासाठी निघालीस तिच्याकडे जाऊ. १९९७, न्यू जर्सीतलं साउथ ऑरेंज. लॉरिन हिल, वय बावीस. फ्यूजीज या तिघांच्या गटाचा 'द स्कोर' वर्षभरापूर्वी जगभर गाजलाय. गटात ती एकटी बाई, आणि बोलवा अशी की डोकं पुरुषांचं, गळा तिचा. ती गरोदर आहे. करिअर एवढं भरात आणि आत्ताच मूल? जवळची माणसंही हेच म्हणाली. तिनं ऐकलं नाही. ऑगस्टमध्ये झायन जन्मला, आणि त्याच्यावरच्या गाण्याला कार्लोस सँटानानं गिटार वाजवली.

घरातल्या स्टुडिओत चार तरुण बसलेत: वाडा नोबल्स, रशीम प्यू, आणि जोहारी व तेजुमोल्ड हे न्यूटन बंधू. 'न्यू आर्क' हे त्यांच्या गटाचं नाव. कुणी ड्रम बसवतंय, कुणी ओळ सुचवतंय, ती एक ठेवते, दोन फेटाळते. लेखी करार नाही. घरच्यासारखे संबंध असले की कागदाचं नाव काढायला जड जातं, हे तुला पिंपळगावात वेगळं सांगायला नको. सात-बाऱ्यावर बहिणीचं नाव लावायची वेळ आली की बघ.

पुढचा मुक्काम किंग्स्टन, जमैका. झायनचे वडील रोहन हे बॉब मार्लींचे चिरंजीव, त्यामुळे मार्लींचं घर आणि टफ गाँग स्टुडिओ तिला खुला आहे. दिवाणखान्यात मार्लींची दहा-पंधरा नातवंडं पसरलीत. तू भिंतीला टेकून बस. लॉरिन रॅप सुरू करते आणि पोरं प्रत्येक ओळीचा शेवटचा शब्द तिच्यामागून म्हणायला लागतात. कुणी सांगितलेलं नाही. ध्वनिमुद्रक गॉर्डन विल्यम्स हे बघत उभा आहे; आठवण पुढं त्यानंच सांगितली. 'लॉस्ट वन्स' नावाचं ते गाणं फ्यूजीजमधल्या जुन्या सोबत्याला उद्देशून आहे असं मानतात, आणि शब्द धारदार आहेत. पोरांना त्याचं काही नाही, त्यांना यमक हवंय.

तिला गळा घासूनपुसून गुळगुळीत करायचा नव्हता. आवाजातले चढउतार यंत्रानं सपाट करणं तिला नको होतं. वाद्यंही शक्यतो प्रत्यक्ष वाजवलेली. एका गाण्याला पियानो वाजवायला कॉलेजचा एक पोरगा आला, तो पुढं जॉन लेजंड झाला. अल्बमचं नाव 'द मिसएज्युकेशन ऑफ लॉरिन हिल'. मागं कार्टर वुडसन यांच्या १९३३ च्या पुस्तकाचा संदर्भ. गाण्यांमध्ये वर्ग भरतो, मास्तर मुलांना प्रेम म्हणजे काय विचारतो. वर्ग प्रत्यक्षात तिच्या घरात भरला होता. मास्तर रास बराका, २०१४ पासून नेवार्क शहराचे महापौर.

२५ ऑगस्ट १९९८ ला अल्बम दुकानात येतो. पहिल्या आठवड्यात अमेरिकेत ४ लाख २२ हजारांहून अधिक प्रती जातात. फेब्रुवारी १९९९ मध्ये लॉस एंजेलिसला ग्रॅमीच्या रात्री टाळ्या वाजव: दहा नामांकनं, पाच पुरस्कार, आणि वर्षातला सर्वोत्तम अल्बम हा मान पहिल्यांदाच हिप हॉपला.

पण न्यू आर्कचा तिच्यावर खटला त्याआधीच, नोव्हेंबर १९९८ मध्येच दाखल झालाय. अल्बमच्या वेष्टणावर लेखन, संगीतरचना, निर्मिती म्हणून लॉरिन हिल. न्यू आर्कच्या वाट्याला काही गाण्यांत 'अतिरिक्त सहभाग'. २००१ मध्ये कोर्टाबाहेर तडजोड झाली.

इथं घाईनं बाजू घेऊ नकोस. ते वेष्टण म्हणजे तिची ढाल होती. एका पुरुषाचं नाव शेजारी आलं असतं तर सगळं श्रेय त्याच्याकडे वळलं असतं, आणि ही भीती काही हवेतली नव्हती. पण त्याच ढालीमागं चार जणांची मेहनत झाकली गेली. मला दोन्ही पटतं. पुढं २००२ चा 'अनप्लग्ड' आला, तो थेट कार्यक्रमाचा. स्टुडिओत घडवलेला दुसरा अल्बम आजवर आलेला नाही. 'दुसरा कधी?' हे लोकांनी तिला इतकं विचारलं की पहिल्याचा हिशेब चुकता करायचा राहिला.

मुंबईत, २०१९ मध्ये, फक्त क्षणभर थांब. 'गली बॉय' सिनेमा लागलाय, गोष्ट पोरांची. त्याच वर्षी कल्याणमध्ये वाढलेली दीपा उन्नीकृष्णन, म्हणजे डी एमसी, अल्बम काढते आणि नाव ठेवते 'डी इज इक्वल टू एमसी स्क्वेअर'. आइन्स्टाइनचं समीकरण वाकवून आपलं नाव थेट शीर्षकातच घातलं. वेष्टणाची वाटच बघितली नाही.

तुझ्या मोबाइलवर अपलोडचा फॉर्म उघडा आहे. शब्द तुझे. बीट परतूरच्या पोराचा, त्यानं व्हॉट्सॲपवर फुकट पाठवलेला. मधली हाळी तुझ्या आजीची. परतूरला फोन लाव.

"बीटला नाव कुणाचं टाकू?"

"टाक ना काही बी. आपलंच हाय."

"काही बी नाही. स्पेलिंग सांग."

तो हसतो, मग एकेक अक्षर सांगतो. आता आजीला विचार. ती आधी म्हणेल माझं कशाला. मग म्हणेल, माहेरचं टाक.