एस्फिर शूब व रोमानोव्हांचें चित्रदप्तर

कागद, ताम्रपट, नाणीं व शिलालेख यांपलीकडे इतिहासाचें साधन नाहीं असें मानण्याचा काळ गेला. चलच्चित्राची फीत हेंही साधनच होय. मात्र तें पोथीहून नाजूक व बनावट सनदेइतकें फसवें होऊं शकतें. अशा दप्तरावरून इतिहास रचण्याचा एक आद्य यत्न रशियांत एका स्त्रीनें केला. त्याचा परिचय शोधकवर्गास व्हावा म्हणून हें टिपण.

एस्फिर शूब यांचा जन्म १८९४ चा. १९२२ पासून त्या मॉस्को येथील सरकारी चित्रसंस्थेंत परदेशी चित्रपट कापून-जोडून रशियन प्रेक्षकांजोगे करण्याचें काम करीत. सांधा बदलला कीं चित्राचा अर्थ बदलतो, हें त्यांस तेथेंच उमगलें. संधि होतांना वर्ण पालटतात हें व्याकरण शिकलेल्यास सांगावयास नको.

१९२६ च्या उत्तरार्धांत त्या लेनिनग्राडास गेल्या. दमट तळघरांत जुन्या वृत्तचित्रांच्या फिती पडल्या होत्या. कित्येकांवरील मसाला सुटत चालला होता. झार दुसरा निकोलस याच्या पदरच्या छायाचित्रकारांनीं घेतलेलीं खासगी चित्रेंही त्यांस मिळालीं. दोन महिन्यांत बाईंनीं सुमारें ६०,००० मीटर फीत तपासली. एवढी फीत अखंड पाहूं गेल्यास पन्नास तासांच्या आसपास लागतात. रुमालामागून रुमाल सोडून बसणारांस ह्या आंकड्याचें मर्म कळेल. फेब्रुवारी क्रांतीचा कांहीं भाग तर अमेरिकेंतून विकत आणावा लागला. ह्या मंथनांतून सुमारें १,५०० मीटरांचें 'रोमानोव्ह घराण्याचें पतन' हें चित्र सिद्ध झालें व झारच्या पदत्यागास दहा वर्षें होत असतां, मार्च १९२७ मध्यें, लोकांपुढें आलें.

आतां पाठचिकित्सा. एके ठिकाणीं जहाजावर दरबारी मंडळी नाचून घामाघूम होतात. मध्यें घामाविषयीं एक शब्दपट्टी येते. लगेच कष्टकरी घाम गाळतांना दिसतात. दोन्ही चित्रें अस्सल, पण सांधा बाईंचा. अस्सल पत्राच्या ओळींत संपादकानें आपली टीका मिसळावी तसें हें झालें, आणि आम्हांस तें निर्दोष वाटत नाहीं. तथापि तुकडे फार बारीक न कापितां त्या ते पुरेसे लांब ठेवीत. त्यामुळें टीका बाजूस सारून मूळ वाचतां येतें. १९१३ च्या त्रिशतवार्षिक उत्सवांतील राजकुटुंब पाहतांना शब्दपट्टी विसरली जाते, आणि चार वर्षांनीं काय होणार हें ठाऊक नसलेलीं माणसें तेवढीं दिसतात.

त्या वेळीं चित्रसंस्थेनें बाईंस कर्त्याचा हक्क देण्याचें नाकारिलें. हाच न्याय पोथ्यांच्या संपादकांस लाविला तर किती ग्रंथांवर नांव उरेल? असो. १९२८ मध्यें त्यांनीं निकोलस व टॉल्स्टॉय यांच्या काळावर आणखी एक चित्र केलें. टॉल्स्टॉयची मूळ फीत फार थोडी मिळाल्यानें त्यांत भोंवतालच्या रशियाचींच दृश्यें अधिक घ्यावीं लागलीं. बाई १९५९ मध्यें निवर्तल्या.