पोरांचा खेळ, थोरांची कळ

सकाळी गळ्यात गळे घालून आलेली दोन पोरे दुपारी हुतूतूच्या डावात एकमेकांची वैरी होतात, हे आम्हां मास्तरांना रोजचेच. पण हे वैर पोरांच्या रक्तातच असते असे कोणी ठासून सांगू लागला, की मला अमेरिकेतले दोन उन्हाळे आठवतात.

मुझफर शेरीफ हा मूळचा तुर्कस्तानचा मानसशास्त्रज्ञ. ग्रीक-तुर्कांची कापाकापी त्याने कोवळ्या वयात पाहिलेली. १९५४ च्या उन्हाळ्यात त्याने अकरा वर्षांच्या आसपासची २२ मुले ओक्लाहोमातील ‘रॉबर्स केव्ह’ येथे शिबिराला नेली. चोरांची गुहा! नावही कसे शोभणारे! मुलांच्या दोन टोळ्या केल्या. पहिले काही दिवस एकीला दुसरीचा पत्ताही नव्हता. एक झाली ‘रॅटलर्स’, म्हणजे खुळखुळे साप. दुसरी ‘ईगल्स’, म्हणजे गरुड. मग सामने लावले. बेसबॉल, रस्सीखेच, तंबू ठोकणे. जिंकणाऱ्यांना पदके आणि प्रत्येकी एकेक चाकू. हरणाऱ्यांना काही नाही. चुरस टिकावी म्हणून शेरीफची माणसे गुणांतही फिरवाफिरव करीत. हरलेल्या गरुडांनी सापांचा झेंडा जाळला. पुढे रात्रीच्या धाडी, बिछान्यांची उलथापालथ, मोज्यांत भरलेले दगड! नंतर पाणी तोडून, सर्वांना एकत्र राबवून समेट घडवला, तोही शेरीफनेच. त्याच वर्षी गोल्डिंग या इंग्रज मास्तराची ‘लॉर्ड ऑफ द फ्लाइज’ ही कादंबरी निघाली आणि पोरे मुळातच रानटी, हा समज पक्का झाला.

परंतु आदल्याच वर्षी, १९५३ साली, न्यूयॉर्क राज्यात मिडल ग्रोव्ह येथे शेरीफचा असाच डाव फसला होता. तेथे मुलांना आधी एकत्र राहू दिले, मैत्री जुळली आणि मग दोन टोळ्या पाडल्या. त्यांच्यात भांडण पेटावे म्हणून शिबिराच्या माणसांनीच कपडे पळवले, तंबू पाडला. मुलांनी काय करावे? एकमेकांना विचारले, ‘आम्ही नाही केले’ अशा शपथा घेतल्या आणि संशय नेमका मोठ्यांवर धरला! प्रयोग गुंडाळावा लागला. शेरीफने पुढे त्याचा उल्लेख केला तो अगदी ओझरता.

जीना पेरी या लेखिकेने पुढे त्या शिबिरांतल्या मुलांचा शोध घेतला आणि २०१८ साली त्यावर पुस्तक लिहिले. मुले आता म्हातारी झाली होती. आपण सुट्टीतल्या शिबिराला नव्हे, प्रयोगाला गेलो होतो, हे त्यांतल्या कित्येकांना तिच्याच तोंडून प्रथम कळले.